सपाट मुलखाचा किल्लेदार

मिनेसोटातल्या ईडन प्रेरीत मराठी घरं काही कमी नाहीत. पण "किल्लेदारांकडे जाऊन येते" म्हटलं की कुणाकडे, ते सांगावं लागत नसे. किल्लेदार हे त्यांचं आडनाव नव्हे. ती आम्ही दिलेली पदवी, आणि त्यांनी ती सुभेदारी मिळाल्यासारखी ऐटीत स्वीकारलेली. सत्तरी उलटलेली, गुडघे कुरकुरणारे, बायको जाऊन बरीच वर्षं झालेली आणि तळ्याकाठी भलंमोठं घर. मी त्यांना ओळखत होते त्या सगळ्या काळात त्यांच्या आयुष्यात एकच लढाई चालू होती. मुलगी म्हणायची, घर विका आणि न्यू जर्सीला माझ्याकडे चला. काका म्हणायचे, "घेऊन दाखव!"

मी पुण्याची, ते नागपूरचे. म्हणजे सलोख्याची आशा मुळातच कमी. त्यात आमची पहिली भेट अशी झाली की दुसरी होऊ नये.

मिनेसोटात नवीनच होते मी. मिनेसोटाच्या थंडीत या माणसाकडे कढीपत्त्याचं जिवंत झाड आहे, अशी बातमी कुणीतरी दिली. कढीपत्त्यासाठी मी कुठेही जाईन. गाडी लावली आणि बघते तर ड्राइव्हवेपासून दारापर्यंत गुडघाभर बर्फ आणि त्यातून खणलेली वाट, ती चक्क नागमोडी! इकडे वळ, तिकडे वळ, पुन्हा इकडे. मला वाटलं, म्हाताऱ्या माणसाला सरळ खणता आलं नसेल. मी आपली बर्फ तुडवत सरळ दाराकडे निघाले. तोच वरची खिडकी उघडली आणि खणखणीत आवाज आला, "मेली! तिथंच मेली तू!"

मी जागीच थिजले. म्हटलं, हा काय वेडा आहे की काय?

"सरळ काहून येऊन राहिली? माझ्या बुरुजावरून तू स्पष्ट दिसते. एका गोळीत खलास! वाट केली आहे नं तुझ्यासाठी? मागं जा, आणि वाटेनं ये!"

मी मागे गेले. अजूनही स्वतःचं नवल वाटतं, पण गेले. नागमोडी वाटेनं दारापर्यंत पोचले तेव्हा काका दारात हसत उभे. "आता जिवंत आली. चहा घे." पार्सल आणून देणारी पोरंसुद्धा त्या वाटेनंच येतात, असं त्यांनी अभिमानानं सांगितलं. एकानं म्हणे सरळ येऊन बघितलं होतं, आणि तोही 'मेला' होता.

त्या चहात वोबाँ पहिल्यांदा माझ्या आयुष्यात आला. नंतर तो गेलाच नाही. वोबाँ म्हणजे फ्रान्सच्या चौदाव्या लुईचा किल्ले बांधणारा आणि किल्ले घेणारा इंजिनिअर. काका त्याच्याबद्दल असं बोलत की वाटावं, नागपूरला धरमपेठेत शेजारच्या घरात राहायचा. "आमचा वोबाँ," म्हणायचे. "गरीब घरचा पोरगा. आधी बंडखोरांकडून राजाविरुद्ध लढला, पकडला गेला, मग राजाच्या नोकरीत शिरला. गालावर गोळीची खूण. त्याच्या आधी काय व्हायचं? सैनिक सरळ किल्ल्याच्या भिंतीवर धावून जायचे आणि पटापटा मरायचे. यानं सांगितलं, मरायचं नाही, खणायचं. नागमोडी खणत जवळ जायचं. मग किल्ल्याला समांतर एक लांब चर. तिथं दम खायचा. मग पुन्हा नागमोडी. मग दुसरा चर. मग तिसरा. तिसऱ्या चरातून हात लांब केला की किल्ला!"

"आणि किल्ला पडायचाच?" मी विचारलं.

"पडत नाही असा किल्ला जगात कुठंच नसते. केव्हा पडते, तेवढंच विचारायचं."

हे त्यांचं ठेवणीतलं वाक्य. छताबद्दल, गाडीच्या बॅटरीबद्दल, आमच्या कंपनीच्या नव्या सॉफ्टवेअरबद्दल, इथल्या मराठी मंडळाच्या नव्या कार्यकारिणीबद्दल, सगळ्याबद्दल ते हेच म्हणत. एका लग्नाच्या रिसेप्शनमध्ये नवरानवरीकडे बघूनही म्हणाले. मी त्यांच्या पायावर पाय दिला.

पण फ्रान्सचा हा इंजिनिअर नागपूरच्या माणसाला चिकटला कसा? त्याला कारण आम्ही पुणेकर. कॉलेजात काकांच्या खोलीत दोन पुणेरी पोरं होती. ती दर सुट्टीत कुठल्या ना कुठल्या किल्ल्यावर जायची आणि परत येऊन छाती फुगवून सांगायची. दिवाळीत घरोघरी मुलं मातीचे किल्ले करतात, वर महाराज बसवतात, खाली मावळे मांडतात, हेही काकांना त्यांच्याकडूनच कळलं. "आमच्याकडं डोंगर कुठून आणावा?" काका म्हणायचे. "एक सीताबर्डीची टेकडी. तिच्यावर चढताना घामसुद्धा येत नाही." तो सल त्यांच्या मनात राहिला. पुढे अमेरिकेत आले, हायवेच्या कडेला माती अडवणाऱ्या भिंती डिझाइन करण्यात उभं आयुष्य घालवलं, आणि बढती मिळाली तेव्हा काकूंना पॅरिस दाखवायला घेऊन गेले.

काकूंना पॅरिस उभ्या उभ्या दिसलं. कारण तिथं कुणीतरी काकांना उत्तरेकडच्या एका किल्ल्याबद्दल सांगितलं आणि हे काकूंना घेऊन तिकडे. डोंगर नाही, कडा नाही, पाट्यासारखी सपाट ओली जमीन. आणि तिच्यावर पाच टोकांच्या चांदणीसारखा पसरलेला किल्ला. "मी तिथं रडलो," काका सरळ सांगायचे. "सपाट मुलखालाही किल्ला असू शकते, हे मले कोणी सांगितलंच नव्हतं." मग उरलेली सगळी सुट्टी वोबाँचे किल्ले. काकू म्हणाल्या होत्या, "एवढ्या भिंतीच पाहायच्या होत्या तर नागपूरचं जेल काय वाईट होतं?" हे सांगताना काका इतके हसायचे की चष्मा काढून डोळे पुसावे लागायचे. त्यातलं हसण्याचं पाणी किती आणि दुसरं किती, ते मी कधी विचारलं नाही.

परत आल्यावर त्यांना शोध लागला की वोबाँ महाराजांपेक्षा बरोबर तीन वर्षांनी धाकटा. झालं! मग तर नातंच जुळलं. "एकाच वेळी दोघंही किल्ले बांधून राहिले होते, बाप्पा. एक सह्याद्रीत, एक फ्रान्समध्ये. एकमेकांची गाठ पडली नाही, हे जगाचं नुकसान." गाठ पडली असती तर काय झालं असतं, यावर ते तासभर बोलू शकत. त्यांच्या मते वोबाँनं रायगड पाहून डोक्यावरची टोपी काढली असती, आणि महाराजांनी त्याला कोकणातला एखादा पाणकिल्ला बघायला लगेच पाठवलं असतं.

तेव्हापासून दर दिवाळीला काकांच्या मागच्या अंगणात किल्ला व्हायचा. साधासुधा नव्हे. सप्टेंबरपासून ताडपत्रीखाली काळी माती मळायची, उतार मोजायचे, खंदक खणायचे. टोकदार बुरूज असे की प्रत्येक बुरुजावरून शेजारच्या बुरुजाचा पाया दिसलाच पाहिजे. जिथे कुणाचीच नजर पोचत नाही अशी जागा, तिला ते "मेला कोपरा" म्हणत. मेला कोपरा हा त्यांचा जन्माचा शत्रू. कुणाच्याही घरी गेले की आधी सोफे सरकवायचे. "इथं बसलेला माणूस कोणालाच दिसत नाही. हा बिचारा पार्टीत एकटाच मरते." आणि गंमत सांगते, त्यांनी खुर्च्या फिरवल्या की त्या कोपऱ्यातला गप्प माणूस खरोखर बोलायला लागायचा. माझा नवरा असाच बोलायला लागला. आमच्या लग्नाला तेव्हा अकरा वर्षं झाली होती.

सगळंच त्यांचं आम्हाला झेपायचं असं नाही. एकदा कुणाकडे सत्यनारायण होता. पंगत बसलेली, प्रसादाचा शिरा पानात. काकांनी विषय काढला तो वोबाँच्या डुकरांचा. एका डुकरिणीपासून पिढ्यान् पिढ्या किती पिल्लं होतील, याचा त्यानं हिशोब मांडला होता म्हणे, गरीब शेतकऱ्याच्या घरात अन्न यावं म्हणून. राजाचा एवढा मोठा माणूस, पण डुकरं मोजायला लाजला नाही! काका भारावून सांगत होते आणि यजमानीणबाईंचा चेहरा पांढराफटक. मी म्हटलं, "काका, शिरा घ्या." ते म्हणाले, "घेतो. पण दहा पिढ्यांनंतर पहा..." शेवटी कुणीतरी आरतीच सुरू केली.

आणि ती किल्ला स्पर्धा! दिवाळीत मंडळानं शाळेच्या हॉलमध्ये भरवली होती. बाकीच्यांचे डोंगरी किल्ले: थर्माकोल, पुठ्ठा, वर हिरवा रंग, माथ्यावर सिंहासन. काकांनी गॅरेजातून फळीवर आणलेला किल्ला चांगला दोन हात लांब-रुंद, पण उंची जेमतेम वीतभर. वर अळीव पेरून हिरवळ उगवलेली. लांबून बघणाऱ्याला वाटावं, कुणीतरी मोठा चिरोटा मांडून ठेवलाय. मंडळाचे अध्यक्ष परीक्षक. ते दोनदा फेरी मारून आले आणि म्हणाले, "काका, महाराज कुठे आहेत?"

"मधल्या वाड्यात आहेत. वोबाँसोबत नकाशा पाहून राहिले."

अध्यक्षांनी वाकून पाहिलं. खरोखरच आत दोन मातीची माणसं समोरासमोर बसलेली. एकाला जिरेटोप, दुसऱ्याला कुरळ्या केसांचा टोप.

"अहो, पण महाराज वर पाहिजेत ना! शिवाय हा आपल्या मातीतला किल्ला नाही."

काका म्हणाले, "माती मिनेसोटाची आहे. माझ्या अंगणातली. तुम्ही कोणी पुण्याहून माती आणली का? दाखवा. आणि साहेब, या गावात तुम्हाला डोंगर कुठं दिसून राहिला? जशी जमीन तसा किल्ला. महाराजांनी दुसरं काय केलं होतं?"

हॉलमध्ये टाळ्या पडल्या. बक्षीस अर्थातच मिळालं नाही. काकांना त्याचं काही नव्हतं. उलट जाताना त्यांनी सुचवलं की कार्यक्रम संपल्यावर अध्यक्षांपासून सगळ्यांनी खुर्च्या उचलाव्यात, कुणाला माफी नाही. वोबाँनं म्हातारपणी राजाला असंच सांगितलं होतं, की कर सगळ्यांनी द्यावा, सरदारांनीसुद्धा. राजा चिडला. आमचे अध्यक्षही चिडले. "ऐतिहासिक परंपरा आहे," काका मला म्हणाले आणि चार खुर्च्या उचलून चालू लागले.

असा माणूस घर सोडेल? त्यांच्या मुलीनं मात्र मनावर घेतलं होतं. मुलगी इथेच जन्मलेली, न्यू जर्सीत सरकारी पगारावरची बचाव वकील, म्हणजे ज्यांना वकील परवडत नाही त्यांच्या बाजूनं कोर्टात उभी राहणारी. दिवसभर दुसऱ्यांसाठी भांडायचं आणि सुट्टीत बापाशी. तिला मराठी सगळं कळायचं, पण बोलायची बहुतेक इंग्रजीतच. एका हिवाळ्यात काका ती नागमोडी वाट खणताना घसरून पडले, खुबा दुखावला आणि तासभर बर्फात पडून राहिले. शेजारच्या बाई कुत्र्याला फिरवायला निघाल्या म्हणून दिसले. मुलगी दुसऱ्या दिवशी विमानानं हजर. तेव्हापासून दर महिन्याला एक तरी फेरी.

आणि इथेच काकांची खरी मजा. मुलगी आपल्याला घराबाहेर काढायला येतेय याचा त्यांना राग येण्याऐवजी कौतुकच वाटू लागलं. आधी रोजचा फोन सुरू झाला. काका मला म्हणाले, "पहिला चर खणला तिनं." मग घरात कॅमेरे बसले, कुठूनही बापावर नजर. "दुसरा चर. आता ती मेला कोपराच ठेवत नाही. शाबास!" मग फावडं जप्त झालं, बर्फ काढायला माणूस लागला आणि तो माणूस सरळ वाट खणू लागला. त्याचं काकांना फार दुःख झालं. मग एक दिवस घर विकणारी एजंट बाई मोजमापं घ्यायला आली. काकांनी तिला चहा दिला, अंगणातला किल्ला दाखवला, आणि ती गेल्यावर मला फोन केला. आवाज नुसता अभिमानानं भरलेला. "तिसरा चर, पुणेकर! कुठून शिकली ही? मी तर तिला कधी शिकवलं नाही!"

"काका," मी म्हटलं, "ती चिडलीय तुमच्यावर. आणि तिचं बरोबर आहे."

"बरोबर तर आहेच नं. पण किल्लेदारानं लढायचं असते. दार उघडून बसला तर त्याला किल्लेदार कोण म्हणेल?"

मला त्यांचा राग यायचा, खरंच सांगते. माझे वडील पुण्यात एकटे, मी इथे. त्यामुळे मुलीची बाजू मला जरा जास्तच कळायची. ती आली की माझ्याकडे कॉफीला यायची. "यू टॉक टू हिम. ही लिसन्स टू यू," म्हणायची. मी म्हणायचे, "अगं, ते माझं ऐकत नाहीत, मला ऐकवतात." घरी दोन लहान मुलं, कोर्टातल्या तारखा, आणि महिन्यातून एकदा हे विमान. मी पाहत होते, दर फेरीला ती थोडी थोडी सुकत होती. एकदा कॉफी समोर ठेवून बसल्या बसल्या डोळा लागला तिचा. पण काका घर सोडणार नव्हते. जिथे काकू गेल्या ते घर, जिथे त्यांच्या हातची पेरूची झाडं कुंडीत वाढत होती ते घर. मिनेसोटात पेरू येत नाहीत, फक्त पानं येतात, तरी ती झाडं होती. आणि हा माणूस पराभव म्हणजे काय ते शिकलेला नव्हता.

गेल्या दिवाळीत ती आली. दुसऱ्या दिवशी सकाळी काकांचा मला फोन. "ताबडतोब ये. साक्षीदार पाहिजे."

मी पोचले तेव्हा मुलगी स्वयंपाकघरात कॉफीचा कप धरून उभी, आणि काका दिवाणखान्यात परात आणि उलथनं घेऊन. मला बघताच त्यांनी परात बडवायला सुरुवात केली. घण, घण, घण, घण. मुलगी धावत बाहेर आली. "बाबा! व्हॉट आर यू डूइंग?"

"बोलणी करायची आहेत," काका म्हणाले. "किल्ल्यातून नगारा वाजला की वेढा घालणाऱ्यानं गोळीबार थांबवायचा असते."

ती माझ्याकडे बघायला लागली. मी खांदे उडवले.

काकांनी खुर्चीत ताठ बसून सांगितलं, "मी किल्ला देतो. पण मानानं. त्या काळी जो किल्लेदार शेवटपर्यंत लढला, त्याला बाहेर पडताना मान मिळायचा. ढोल वाजवत, झेंडा फडकावत, हत्यार खांद्यावर घेऊन तो समोरून निघायचा. तोंडात बंदुकीची गोळी धरायचा, म्हणजे पाहणाऱ्याला कळावं, अजून संपलो नाही. आणि वेढा घालणारा सेनापती बाजूला उभा राहून टोपी काढायचा. मान्य असेल तर मी न्यू जर्सीला येतो. नसेल तर वेढा चालू."

मुलगी कप हातात धरून तशीच उभी. तिच्या चेहऱ्यावर काय होतं ते मला तेव्हा कळलंच नाही. मला वाटलं, तिला आनंद झाला. ती एवढंच म्हणाली, "ओके, बाबा."

"ढोल कुठून आणणार?" मी विचारलं.

"तू ताशा वाजवते नं पथकात? मले काय माहीत नाही?"

वाजवते. मंडळाचं ढोल-ताशा पथक आहे, मी त्यात ताशा वाजवते, आणि गणपतीशिवाय कशालाही बाहेर पडायचं नाही असा आमचा नियम आहे. मी सगळ्यांना फोन केले. कुणी नियमाचा न सुद्धा उच्चारला नाही. अध्यक्ष स्वतः ढोल घेऊन आले!

नोव्हेंबरचा शेवट. थंडी अशी की ताशाच्या काड्या बोटांना जाणवत नव्हत्या. घर विकलं गेलं होतं, सामान ट्रकमधून पुढे गेलं होतं, पेरूच्या कुंड्या आमच्याकडे आल्या होत्या. शनिवारी सकाळी आम्ही वीस-बावीस जण ड्राइव्हवेवर दोन रांगांत उभे राहिलो. मुलगी कडेला. काकांनी दार उघडलं. अंगात सूट, वर जाडजूड कोट, डोक्याला फेटा, खांद्यावर फावडं. त्यांचं तेच जप्त केलेलं फावडं! मुलीनं आदल्या दिवशी परत दिलं होतं. एका हातात गणपतीतला भगवा झेंडा. गाल फुगलेला, कारण तोंडात सुपारी.

मी ताशावर पहिली काडी मारली आणि ढोल सुरू झाले.

सगळी गल्ली बाहेर आली. कुणी झग्यात, कुणी कॉफी घेऊन. एकानं लग्न आहे का विचारलं. कुत्र्यावाल्या बाई टाळ्या वाजवत होत्या. काका एक एक पाऊल टाकत आले. खुबा दुखत होता, तरी घाई नाही, मागे वळून बघणं नाही. मुलीसमोर आल्यावर थांबले. तिनं डोक्यावरची लोकरीची टोपी काढली आणि छातीशी धरली. वाऱ्यानं केस सगळे तोंडावर आले तिच्या. काकांनी मान किंचित लववली आणि पुढे चालत जाऊन माझ्या गाडीत बसले. मी रडत होते आणि ताशा वाजवत होते. सांगायला लाज कसली? निम्मं पथक रडत होतं.

विमानतळावर त्यांना मीच सोडणार होते. मुलगी डिकीत बॅगा ठेवत होती. तिला वाटलं काकांना ऐकू जाणार नाही, म्हणून हळूच मला म्हणाली, "यू नो, आय वॉज डन. त्या सकाळी मी सांगणार होते त्यांना. फाइन, बाबा, स्टे. आय कान्ट फाइट एनीमोर. कॉफी संपली की सांगणार होते. अँड दॅट परात!" आणि ती एकदम हसली आणि डोळे पुसले. मागच्या सीटवर बसली, पट्टा लावला, आणि हायवेला लागायच्या आत झोपली. डोकं काचेला टेकलेलं, टोपी मांडीवर.

मला राहवेना. म्हटलं, "काका, तुम्हाला माहितेय का? ती वेढा उठवणार होती. त्याच सकाळी. दहा मिनिटं थांबला असतात ना, तर जिंकला असतात."

काकांनी खिडकीबाहेर पाहत सुपारी या गालातून त्या गालात सरकवली. "माहीत होतं."

"माहीत होतं?"

"आदल्या दिवशी आली नं, तेव्हा बूट काढायला वाकली आणि भिंतीला धरून तशीच उभी राहिली. एक बूट पायात, एक हातात. कितीतरी वेळ. तिला वाटलं, मी पाहून नाही राहिलो." त्यांनी डोक्यावरचा फेटा नीट केला. "एकदा चौदाव्या लुईला किल्ला घ्यायची फार घाई झाली होती. वोबाँनं त्याला सांगितलं, महाराज, अशानं त्या किल्ल्यापेक्षा मोलाचं माणूस गमवाल. राजानं ऐकलं नाही. पोरं मेली मग." ते मागे वळले. घर सोडताना एकदाही मागे न वळलेला माणूस, आता वळला आणि मुलीकडे बघत राहिला.

पुढे सिग्नल लाल झाला. मी ब्रेक दाबला.

"हळू घे, पुणेकर," काका म्हणाले. "झोपली आहे ती."